पाहिजे : एक नेता

"आणि हा रॉन कोण? याचा फोटो कुठेच कसा नाही?"

माझ्या या प्रश्नावर माझी घरमालकीण इतकी हसली, की तिच्या कपातला चहा लॅपटॉपवर सांडता सांडता राहिला. ऑगस्ट २०२५. स्थळ : ब्रिस्टलमधलं एक जुनं घर, त्यातलं त्याहून जुनं किचन. तिच्या ईमेलमध्ये इंग्लंड-वेल्सच्या ग्रीन पार्टीची मतपत्रिका आली होती. पक्षाचा नेता निवडायचा होता आणि पर्याय तीन. एक, एड्रियन रॅमसे आणि एली चाउन्स ही खासदारांची जोडी. दोन, झॅक पोलान्स्की. आणि तीन, हे आमचे रॉन.

रॉन म्हणजे कुणी माणूस नाहीच. 'री-ओपन नॉमिनेशन्स'ची आद्याक्षरं. यातलं कुणीच पसंत नाही, पुन्हा अर्ज मागवा, असं सांगायचा हक्क. आपल्याकडच्या नोटाचा चुलतभाऊ म्हणा. फरक इतकाच, की आपल्याकडे लोकसभा-विधानसभेला २०१३ पासून नोटा आहे, पण ती जिंकली तरी हरते. रॉन जिंकला तर खरंच सगळं पहिल्यापासून!

"मी एकदा रॉनला मत दिलंय," ती म्हणाली. कधी, ते मात्र शेवटपर्यंत सांगितलं नाही.

तुम्ही म्हणाल, कोथरूडच्या मुलीला इंग्लंडच्या त्या चिमुकल्या पक्षाचं काय पडलंय? खरं सांगायचं तर सुरुवातीला मलाही काही पडलं नव्हतं. मी तिथे गेले होते एक वर्षाच्या कोर्ससाठी. पुण्यात मास कॉम, मग पाच वर्षं फ्रीलान्सिंग, म्हणजे चेकची वाट बघणं, आणि मग एक दिवस सगळं साठवलेलं घेऊन सरळ विमानात. त्या विमानात बसण्यामागे आणखी एक कारण होतं. ते मी कुणालाच सांगितलं नव्हतं. त्यावर येतेच.

घरात आम्ही तिघं. घरमालकीण, वय ६८, निवृत्त ग्रंथपाल. मनातल्या मनात मी तिला आजीच म्हणायचे. वरच्या खोलीत एक चोवीस वर्षांचा मुलगा, कॅफेत काम करणारा. तो तिला बिनधास्त नावाने हाक मारायचा. माझ्या जिभेला ते वर्षभर झेपलं नाही. आणि मागच्या खोलीत मी, सेंट मार्क्स रोडवरून आणलेल्या कढीपत्त्यासकट. दोघंही ग्रीन पार्टीचे सभासद. ती १९८९ पासून, तो तीन महिन्यांपासून. त्यामुळे त्या ऑगस्टमध्ये आमच्या किचनमध्ये रोज रात्री जे काही चालायचं, त्याच्यापुढे आपल्या चॅनेलवरच्या डिबेट्स म्हणजे अगदीच मिळमिळीत.

भांडण काय होतं ते सांगते. २०२४ च्या निवडणुकीत या पक्षाचे पहिल्यांदाच चार खासदार निवडून आले. त्याआधी कायम एकच. चारपैकी एक जागा ब्रिस्टल सेंट्रलची, कार्ला डेनियर यांची. त्या आणि रॅमसे मिळून पक्षाचे सह-नेते होते. या पक्षात तशी सोय आहे : एकच नेता निवडा, नाहीतर दोघं मिळून, पण मग दोघंही पुरुष चालणार नाहीत. मे २०२५ मध्ये डेनियर म्हणाल्या, मी पुन्हा उभी राहणार नाही. त्याआधीच उपनेता पोलान्स्की यांनी दंड थोपटले होते. ते खासदार नाहीत, लंडन असेंब्लीचे सदस्य. आधी नट, मग लिबरल डेमोक्रॅट, २०१७ पासून ग्रीन. त्यांचा फंडा होता 'इको-पॉप्युलिझम'. म्हणजे हवामानबदलाबद्दल बोलायचंच, पण सुरुवात घरभाडं, वीजबिल आणि अब्जाधीशांवरच्या करापासून करायची. आणि उजव्या बाजूचे लोक जितक्या मोठ्या आवाजात बोलतात तितक्याच मोठ्या आवाजात. रॅमसे-चाउन्स जोडीचं म्हणणं, आम्ही दोघंही पूर्वी हुजूर पक्षाच्या असलेल्या ग्रामीण भागात जिंकून आलोय, दारोदार फिरून विश्वास कमावलाय, आणि नेता संसदेत हवा.

"व्हिडिओ छान आहे," आजी एकदा पोलान्स्कींचा व्हिडिओ बघून म्हणाली. "पण यात झाडं कुठेत?"

"भाडं भरून झाल्यावर लोकांना झाडांकडे बघायला वेळ मिळेल," तो म्हणाला. हे वाक्य तो त्याच्या घरमालकिणीच्या किचनमध्ये, तिनेच केलेला चहा पीत म्हणत होता, हे दोघांच्याही एकाच वेळी लक्षात आलं आणि पाच सेकंद कुणीच काही बोललं नाही.

मला काय वाटायचं? मला मत नव्हतं. म्हणजे तिथे राहणाऱ्या भारतीयाला कॉमनवेल्थचा नागरिक म्हणून मतदारयादीत नाव घालता येतं. मे महिन्यात मी तिथल्या प्रादेशिक महापौरपदासाठी चक्क मतदानही करून आले. पण पक्षाचा नेता सभासदच निवडणार. मत असतं तर मी पोलान्स्कींना दिलं असतं. आणि का, हे स्वतःशी कबूल करताना जरा लाज वाटली असती. माणूस बोलतो सही. बस. पत्रकार म्हणून पाच वर्षं काढल्यावरही आपण चांगल्या बोलणाऱ्यावर लट्टू होतो, हे काही बरं लक्षण नाही. दुसरीकडे त्यांच्या विरोधकांनी उकरून काढला तो २०१३ मधला किस्सा, ते हिप्नोथेरपिस्ट असतानाचा. संमोहनाने स्तनांचा आकार वाढतो का, यावर एका टॅब्लॉइडमध्ये छापून आलेलं. त्यांनी त्याबद्दल माफी मागितली होती, पण निवडणूकभर ते पुन्हा पुन्हा यायचं. एकदा पक्षाला चेहरा दिला, की लोक धोरण सोडून चेहऱ्याची मापं काढतात, हे त्यातलं ओघाने आलंच.

पण माझी उत्सुकता वाढली ती आजीमुळे. कारण ती मुळात 'नेता'च नको या मताची होती.

या पक्षाचा इतिहास एकदम हटके आहे. जन्म १९७२-७३ चा, कोव्हेंट्रीजवळच्या एका पबमध्ये जमणाऱ्या मित्रमंडळींत, आणि निमित्त काय, तर 'प्लेबॉय'मध्ये आलेली पॉल एर्लिच या शास्त्रज्ञाची लोकसंख्यावाढीवरची मुलाखत! (लोक 'प्लेबॉय' लेखांसाठी घेतात हे खरं असल्याचा हा बहुधा एकमेव पुरावा.) आधी नाव 'पीपल', १९७५ मध्ये इकॉलॉजी पार्टी, १९८५ पासून ग्रीन. आणि जवळजवळ पस्तीस वर्षं या पक्षाला नेता नव्हता. मुद्दाम नव्हता. एक माणूस वर आणि बाकीचे खाली, ही रचनाच तर आपल्याला मोडायची आहे ना, मग घरात ती कशाला, असा विचार. पुढे त्यांनी एक स्त्री आणि एक पुरुष असे दोन 'प्रमुख वक्ते' नेमायला सुरुवात केली. बोलायचं त्यांनी, ठरवायचं सगळ्यांनी.

ऐकायला काय सुंदर वाटतं! १९८९ च्या युरोपियन निवडणुकीत या बिननेत्याच्या पक्षाला सुमारे १५ टक्के मतं पडली. तिथल्या मतदानपद्धतीमुळे जागा मात्र शून्य. आजी त्याच लाटेत सभासद झाली. "त्या वर्षी सगळेच आले," ती म्हणायची, "आणि तीन वर्षांत बहुतेक सगळे गेले." मधल्या काळात पक्षात जुंपली होती ती याच प्रश्नावर. सारा पार्किन आणि त्यांच्या बाजूच्या लोकांना सुटसुटीत, जबाबदारी ठरलेली रचना हवी होती; बाकीच्यांना त्यात हुकूमशाहीचा वास यायचा. १९९२ मध्ये पार्किन पद सोडून बाहेर पडल्या. त्यातच १९९१ मध्ये डेव्हिड आइक, म्हणजे आधीचा फुटबॉल गोलकीपर, मग बीबीसीचा क्रीडा निवेदक, मग या पक्षाच्या वक्त्यांपैकी एक, राजीनामा देऊन टीव्हीवर टेरी वोगनच्या शोमध्ये आपल्या दैवी नात्याबद्दल बोलायला लागला. सगळा देश हसला. "नेता नसला तरी वेडा माणूस मिळतोच," इति आजी. "फक्त त्याला आवरायचं कुणी, हे ठरलेलं नसतं."

शेवटी २००७ मध्ये सभासदांचं सार्वमत झालं. नेता हवा की नको? दोन तृतीयांश मतं लागणार होती, ७३ टक्के पडली. आजीने 'नको'ला मत दिलं होतं. २००८ मध्ये कॅरोलाइन ल्यूकस पहिल्या नेत्या झाल्या, त्यांचे उपनेते होते हेच एड्रियन रॅमसे. ते २१ व्या वर्षी नॉर्विचमध्ये नगरसेवक झालेले. २०१० मध्ये ल्यूकस ब्रायटनमधून जिंकल्या, पक्षाच्या पहिल्यावहिल्या खासदार. "त्या रात्री मी रडले," आजी म्हणाली. "आणि मान्य केलं, की मी चुकले होते. अर्धी."

"अर्धीच का?"

"कारण नंतर शाखेच्या मीटिंगला लोक यायचे आणि विचारायचे, कॅरोलाइन काय म्हणाली? आधी विचारायचे, आपण काय करायचं?"

तिचं शहरही तिच्यासारखंच. ब्रिस्टलने २०१२ मध्ये सार्वमत घेऊन थेट निवडलेला महापौर आणला. (आपल्याकडच्यासारखा मानाचा नाही, खरी सत्ता हातात असलेला. पहिला महापौर कायम लाल पँटमध्ये हिंडायचा.) दहा वर्षांनी, २०२२ मध्ये, त्याच शहराने पुन्हा सार्वमत घेऊन ते पदच काढून टाकलं. २०२४ पासून शहर चालवतात समित्या, आणि त्यात ७० पैकी ३४ जागा घेऊन सगळ्यांत मोठा पक्ष ग्रीन. म्हणजे शहरात एकच एक नेता नको म्हणणारे, पक्षात मात्र नेत्यासाठी भांडत होते. मी हे बोलून दाखवल्यावर वरच्या खोलीतला मुलगा म्हणाला, "शहर चालवणं वेगळं, लोकांना जागं करणं वेगळं." चोवीस वर्षांच्या मानाने बरं बोलतो, असं आजीने नंतर मला हळूच सांगितलं.

आता ते विमानात बसण्यामागचं दुसरं कारण.

२०२३ ची गोष्ट. आमच्या रस्त्यावरच्या नऊ झाडांवर नोटिसा लागल्या. रस्तारुंदीसाठी तोडणार. पाच कडुनिंब, तीन रेन ट्री आणि एक वड. वडाखाली आमच्या इस्त्रीवाल्या दादांचं टेबल, मी शाळेत जायच्या आधीपासून. कायद्याप्रमाणे हरकत घ्यायला सात दिवस असतात. आम्ही सोसायट्यांमधल्या लोकांनी रातोरात व्हॉट्सअॅप ग्रुप काढला. दोन दिवसांत ६२ जण. जाम भारी वाटत होतं. तिसऱ्या मजल्यावरच्या काकांनी सुचवलं, "एक निमंत्रक ठरवू या. तू हो ना. पत्रकार आहेस, तुझ्या ओळखी असतील."

मी काय लिहिलं, ते अजून माझ्या फोनमध्ये आहे. "काका, इथे कुणी एक नेता नको. हे सगळ्यांचं आंदोलन आहे. आपण सगळेच निमंत्रक." त्याला चौतीस अंगठे आले. दोन हृदयं.

खरी गोष्ट अशी होती, की मला दोन डेडलाइन्स होत्या, आणि लोकांनी रात्री दहाला फोन करून डोकं खाल्लेलं मला नको होतं. पण तत्त्व म्हणून ते वाक्य इतकं झकास जमलं होतं, की माझाच त्यावर विश्वास बसला.

मग काय, अर्जाचे चार मसुदे झाले. 'वृक्ष' की 'झाडे' यावर दीड दिवस गेला. वकील काकूंनी त्यांचा मसुदा टाकला, आयटीतल्या एकाने त्याची गूगल शीट केली, कुणीतरी लोगोसुद्धा काढला. सातव्या दिवशी प्रत्येकाला वाटलं, दुसऱ्या कुणीतरी अर्ज नेऊन दिला असणार. आठव्या दिवशी सकाळी काकांनी विचारलं, "पोचपावती कुणाकडे आहे?"

कुणाकडेच नव्हती.

नंतर एके दिवशी सकाळी सहाला करवतीचा आवाज आला. मी बाल्कनीत गेले नाही. संध्याकाळी इस्त्रीचे कपडे आणायला आईला पाठवणार होते, पण ती घरी नव्हती. दादांनी टेबलावर रंगीत मोठी छत्री बांधली होती, आइस्क्रीमच्या जाहिरातीची. कपडे मोजून देताना त्यांनी विचारलं, "ताई, तुम्ही लोकांनी अर्ज दिला होता ना?"

मी "हो" म्हटलं.

ही गोष्ट मी आजीला सांगितली ती मतदान संपायच्या आदल्या रात्री, २९ ऑगस्टला. मला वाटलं, ती म्हणेल, जाऊ दे, तू लहान होतीस. मी पंचवीस-सव्वीसची होते, लहान कसली! तिने फक्त विचारलं, "एकही झाड उरलं का?"

"वळणावरचे दोन कडुनिंब. ते यादीत नव्हते."

"हं," म्हणाली, आणि तिने लॅपटॉप पुढे ओढून मत देऊन टाकलं. पहिली पसंती रॅमसे-चाउन्स. दुसरी पोलान्स्की. रॉनला काही नाही.

२ सप्टेंबरला निकाल लागला. पोलान्स्की २०,४११. रॅमसे-चाउन्स ३,७०५. जवळजवळ ८५ टक्के मतं एकाच बाजूला. वरच्या खोलीतला मुलगा जिन्यावरून ओरडत आला, आणि किचनच्या दारात आल्यावर एकदम गप्प झाला. आजीचा चेहरा बघून त्याला बहुधा आपण कुणाच्या तरी सुतकात बँड वाजवतोय असं वाटलं. तिने चष्मा काढून पुसला.

"बरं," ती म्हणाली. "मग शनिवारी पत्रकं कोण वाटतंय? तू का?"

"मी? म्हणजे... हो."

"दहाला. आणि पावसाचे बूट घाल. तुझ्या नेत्याचा फोटो भिजू देऊ नकोस."

मीही गेले त्यांच्याबरोबर. तो वीस मिनिटं उशिरा आला, रात्रीची उतरलेली नव्हती. दोन तासांत कळलं, की पत्रपेटीच्या फटीतून पत्रक आत सरकवताना बोटं आत घालायची नसतात, कारण आत कुत्रा असू शकतो. त्यासाठी आजी लाकडी उलथनं घेऊन फिरते. तिसऱ्या गल्लीत तिने ते उलथनं त्याच्या हातात दिलं आणि स्वतः एका भिंतीवर टेकली. गुडघे दुखत होते. एका दारात एक बाई त्याला म्हणाली, त्या नवीन माणसाचा व्हिडिओ बघितला, त्याचेच ना तुम्ही? तो खुलला. आजी भिंतीवरून ओरडली, "बाईंना रद्दी कधी उचलतात त्याचं विचार!" बाईंची खरंच दोन आठवड्यांची रद्दी पडून होती.

सप्टेंबरच्या मध्यावर मी परत आले. ऑक्टोबरमध्ये त्यांच्या सभासदांचा आकडा एक लाखाच्या वर गेला. आजीचा मेसेज आला : शाखेच्या मीटिंगला खुर्च्या कमी पडल्या, मी उभी होते, एकानेही उठून जागा दिली नाही. पुढे हसणारा चेहरा. मग दुसरा मेसेज : चहा करायला मात्र पाच जण पुढे आले, १९८९ मध्ये मी एकटी होते. हे लोक तीन वर्षांनी असतील का, असं मी विचारलं. त्यावर ती दोन दिवस काही बोलली नाही. मग लिहिलं, "म्हणून तर उलथनं शिकवतेय."

इकडे वळणावरच्या दोन कडुनिंबांवर नोटीस लागली. त्या दिवशी मीच पाहिली, सकाळी दूध आणायला जाताना. घरी येऊन अर्ज लिहिला. अर्धं पान. 'झाडे' लिहिलं, 'वृक्ष' नाही. अर्जदाराचं नाव, पत्ता, मोबाइल नंबर. दुपारी नेऊन दिला, पोचपावतीवर शिक्का घेतला, त्याचा फोटो ग्रुपवर टाकला. ६२ पैकी ४१ जण अजून ग्रुपवर होते. खाली लिहिलं : "या वेळी निमंत्रक मी. सुनावणीला मी जाणार, ज्यांना यायचंय त्यांनी या. एक वर्षच. पुढच्या वर्षी निवडणूक घेऊ, आणि मी पसंत नसेन तर रॉनला मत द्या."

आई म्हणाली, आता रात्री-अपरात्री फोन येतील. आलेच. त्या रात्री सव्वादहाला पहिला फोन तिसऱ्या मजल्यावरच्या काकांचा.

"अगं, चांगलं केलंस. पण हा रॉन कोण? बी विंगमधला का?"